घरातला कॅमेरा, शहराची साक्ष

आनंद पटवर्धन यांचा ‘द वर्ल्ड इज फॅमिली’, म्हणजेच ‘वसुधैव कुटुंबकम्’, हा माहितीपट २०२३ साली टोरोंटोच्या चित्रपट महोत्सवात प्रथम दाखवला गेला. १९७४ च्या बिहार आंदोलनापासून जवळजवळ पन्नास वर्षं या दिग्दर्शकाने जे टिपलं ते सगळं चार भिंतींबाहेरचं होतं. मुंबईच्या पदपथांवरून हुसकावली जाणारी कुटुंबं, अयोध्येकडे निघालेली रथयात्रा, नर्मदेचं खोरं, पोखरणच्या अणुचाचण्या, दादरच्या चैत्यभूमीवर लोटणारा जनसागर हे त्यांचे विषय. नवा चित्रपट मात्र स्वतःच्या वृद्ध आईवडिलांचा. चळवळींचा साक्षीदार अखेरीस कौटुंबिक आठवणींत रमला, अशी समजूत त्यामुळे सहज होऊ शकते. कुटुंब, आठवण आणि वियोग या विषयांवरच्या माहितीपटांची ओळख करून देणाऱ्या या लेखसंग्रहाची सुरुवात याच समजुतीला उत्तर देण्यापासून करावी लागते. बाहेर घडलेल्या इतिहासाचा हिशेब शेवटी घरात मांडला जातो. तो तिथे कोणत्या शब्दांत, किती गाळून आणि किती जपून मांडला जातो, हे पाहिल्याशिवाय बाहेरच्या इतिहासाची नोंद पुरी होत नाही, असं माझं म्हणणं आहे. पुढची सगळी मांडणी या एका म्हणण्याला धरून आहे.

आधी हा चित्रपट नीट समजून घेऊ. आई निर्मला पटवर्धन सिंधमधल्या. त्या शांतिनिकेतनात शिकल्या आणि पुढे त्यांनी मातीकामात नाव मिळवलं. कुंभारकामावरचं त्यांचं पुस्तक भारतात हे काम शिकणाऱ्यांच्या हाती आजही असतं. वडील वासुदेव ऊर्फ बाळू पटवर्धन हे अहमदनगरच्या पटवर्धनांपैकी. रावसाहेब आणि अच्युतराव पटवर्धन हे त्यांचे भाऊ. अच्युतराव १९३४ साली स्थापन झालेल्या काँग्रेस समाजवादी पक्षाच्या संस्थापकांपैकी एक. बेचाळीसच्या लढ्यात ते भूमिगत राहिले आणि स्वातंत्र्यानंतर थोड्याच काळात सक्रिय राजकारणातून बाहेर पडले. एका घराला फाळणीत दुरावलेला सिंध ठाऊक आहे, दुसऱ्याला तुरुंग आणि भूमिगत जीवन, आणि या दोन्हींचा संसार मुंबईत थाटलेला. मुलाने कॅमेरा लावला तो चित्रपट करायचा म्हणून नव्हे, तर आईवडील थकत चालले होते म्हणून. ते गेल्यानंतर काही वर्षांनी त्या चित्रफितींतून हा चित्रपट आकाराला आला. त्यात बोलणारी माणसं एकमेकांना टोकतात, चिडवतात, एकाने सांगितलेलं दुसरा दुरुस्त करतो. फाळणीला विरोध करणारे सिंधचे पंतप्रधान अल्लाबक्ष सुम्रो इथे घरोब्यातल्या माणसासारखे आठवले जातात. एप्रिल १९४० मध्ये त्यांनी दिल्लीत फाळणीविरोधी मुस्लिम गटांची आझाद मुस्लिम परिषद भरवली आणि मे १९४३ मध्ये त्यांची हत्या झाली. शालेय इतिहासात त्यांना क्वचितच जागा मिळते. घराच्या स्मरणात मात्र ते टिकून राहिले.

यातून निघणारा मुद्दा असा. माणूस काय आठवतो हे बऱ्याच अंशी तो ते कोणाला सांगतो आहे यावर ठरतं. चौकशी अधिकाऱ्यापुढे तो जपून बोलतो, पत्रकारापुढे नेमकं आणि ठळक बोलतो, सभेत मोठ्याने बोलतो. ज्याच्यावर छाप पाडायची नाही, ज्याला काही पटवून द्यायचं नाही आणि जो उठून जाणार नाही अशा माणसाशी तो वेगळंच बोलतो. मुलाने आईला विचारलेला प्रश्न आणि आईने त्याला दिलेलं उत्तर यांत पन्नास वर्षांचं सहजीवन असतं. विचारणाऱ्याला अर्ध्या गोष्टी आधीच माहीत असतात, त्यामुळे उरलेल्या अर्ध्या लपवणं अवघड जातं. म्हणून कौटुंबिक माहितीपटात नातं हे चित्रणाचं साधनच असतं, कॅमेऱ्याइतकंच आणि ध्वनिमुद्रकाइतकंच. ते साधन पडद्यावर उघड दिसलं, म्हणजे कोण विचारतं आहे, कोणत्या हक्काने विचारतं आहे आणि कुठे गप्प बसतं आहे हे प्रेक्षकाला कळलं, तर घरगुती चित्रण सार्वजनिक पुराव्याच्या योग्यतेला पोचतं. ते झाकलं आणि नुसता गहिवर उरला, तर ते त्या कुटुंबापुरतं स्मरणचिन्ह राहतं. या क्षेत्रातल्या चित्रपटांची पारख मला याच कसोटीवर करावीशी वाटते.

मुंबईत या कसोटीला सव्वाशे वर्षांचा आधार आहे. ७ जुलै १८९६ रोजी काळा घोड्याजवळच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंची चलच्चित्रं दाखवली गेली. त्यानंतर थोड्याच वर्षांत हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादांनी १८९९ साली हँगिंग गार्डनमधली कुस्ती चित्रित केली. केंब्रिजला सीनियर रँग्लर झालेले र. पु. परांजपे १९०१ साली मायदेशी परतले तेव्हाचं त्यांचं स्वागतही सावेदादांनीच टिपलं. भारतीय माहितीपटाचा आरंभ म्हणून या चित्रणांचा उल्लेख होतो. दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये लागला. त्याचं चित्रीकरण दादरला झालं होतं. रोहिदासाच्या भूमिकेत फाळक्यांचा मुलगा भालचंद्र होता. फिल्मला भोकं पाडण्यापासून ती धुण्यापर्यंत आणि साऱ्या मंडळींच्या जेवणापर्यंतची कामं सरस्वतीबाई फाळके यांनी उचलली होती. पुढे ‘कालिया मर्दन’मध्ये कृष्ण झाली ती त्यांची मुलगी मंदाकिनी. आपला चित्रपट एका कुटुंबाच्या श्रमांतून जन्मला, पण त्या कुटुंबाच्या आठवणीची नोंद ठेवायचं भान त्या काळात कोणाला नव्हतं. ‘राजा हरिश्चंद्र’ची पूर्ण प्रत आज उपलब्ध नाही, तुकडे उरले आहेत. नायट्रेट फिल्म पेट घेते, ॲसिटेट आंबते आणि मुंबईच्या पावसाळी दमट हवेत दोन्हींना बुरशी धरते. पुण्यात २००३ साली लागलेल्या आगीत जपून ठेवलेल्या जुन्या नायट्रेट प्रतीही जळाल्या. चित्रपट हा स्मृतीचा टिकाऊ साठा आहे, हा समज त्यामुळे तपासून घ्यावा लागतो.

याचं सर्वांत बोलकं उदाहरण म्हणजे कमलाबाई गोखले. फाळक्यांच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये १९१३ साली कमलाबाई आणि त्यांच्या आई दुर्गाबाई कामत या दोघींनी काम केलं. भारतीय पडद्यावर आलेल्या या पहिल्या स्त्रिया. तो चित्रपट आज उपलब्ध नाही. उरली ती कमलाबाईंची आठवण. रीना मोहन यांनी १९९२ च्या ‘कमलाबाई’ या माहितीपटात ती त्यांच्या घरी बसून टिपली तेव्हा कमलाबाई नव्वदीत पोचल्या होत्या. जुन्या नाटकांतले संवाद त्यांच्या ओठांवर होते, आणि नटीचा आवाज म्हाताऱ्या शरीरातून कसा उसळून येतो हे त्या चित्रपटात दिसतं. इथे क्रम उलटा झाला. फिल्म नष्ट झाली, माणसाची स्मृती टिकली आणि दुसऱ्या फिल्मने त्या स्मृतीला आसरा दिला. रीना मोहन कमलाबाईंच्या नात्यातल्या नव्हत्या. म्हणजे नात्याचं साधन रक्ताच्या नात्यापुरतं मर्यादित नाही. वेळ देऊन, पुन्हा पुन्हा जाऊन, ऐकून घेऊनही ते मिळवता येतं.

स्वातंत्र्यानंतर माहितीपटाचं मोठं घर झालं ते पेडर रोडवरचं फिल्म्स डिव्हिजन. १९४८ साली स्थापन झालेल्या या संस्थेचे वृत्तपट आणि अनुबोधपट देशभरच्या चित्रगृहांत मुख्य खेळाआधी दाखवणं बंधनकारक होतं. धरणं, लसीकरण, कुटुंबनियोजन, हस्तकला, थोर पुरुष हे त्यांचे नेहमीचे विषय. त्या चौकटीत राहूनही प्रमोद पती, एस. सुखदेव, एस. एन. एस. शास्त्री यांनी धाडसी प्रयोग केले. शास्त्रींचा १९६७ चा ‘आय ॲम ट्वेंटी’ पाहावा. स्वातंत्र्याच्या वर्षी जन्मलेली मुलंमुली विशीत आल्यावर काय म्हणतात, हे त्यात आहे. उत्तरं मोकळी आहेत, काही सरळसरळ नाराजीची आहेत, आणि म्हणून तो चित्रपट आजही ताजा वाटतो. तरीही ती सगळी उत्तरं देशाला दिलेली आहेत. त्या तरुणांच्या घरात फाळणीबद्दल काय बोललं जाई, कोणता विषय निघाला की वडील उठून जात, हे त्या प्रश्नावलीच्या कक्षेत येणारच नव्हतं. सरकारी माहितीपटाने नागरिक टिपला, कुटुंबाचा उल्लेख त्यात बहुधा लोकसंख्येच्या संदर्भात आला. ही उणीव दिग्दर्शकांच्या कुवतीची नव्हती. सांगणारा आणि विचारणारा यांच्यामध्ये शासन बसलेलं होतं, त्याचा तो परिणाम होता.

सरकारी माहितीपट हा पहिला प्रवाह; दुसरा आणीबाणीच्या आगेमागे सुरू झाला. शासनाच्या पैशाशिवाय आणि बऱ्याचदा शासनाच्या रोषात चित्रपट करायचे, हा त्याचा बाणा. पटवर्धनांचे ‘क्रांती की तरंगे’ आणि राजकीय कैद्यांवरचा ‘जमीर के बंदी’ ही त्याची आरंभीची उदाहरणं. पुढे अशा चित्रपटांची लढाई प्रमाणपत्र मंडळापासून न्यायालयापर्यंत गेली. ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’ दूरदर्शनवर दाखवण्याचा आदेश २००६ साली सर्वोच्च न्यायालयाला द्यावा लागला. २००४ साली मुंबईच्या आंतरराष्ट्रीय माहितीपट महोत्सवात भारतीय चित्रपटांना सेन्सॉर प्रमाणपत्राची अट घालायचा प्रयत्न झाला, तेव्हा माहितीपटकारांनी एकत्र येऊन प्रभादेवीच्या भूपेश गुप्ता भवनात ‘विकल्प’ नावाने स्वतःचे खेळ भरवले. या प्रवाहात कुटुंबाला जागा नव्हती, असं वरवर वाटतं. पण १९८५ चा ‘हमारा शहर’ आणि २०११ चा ‘जय भीम कॉम्रेड’ हे पटवर्धनांचे दोन चित्रपट शेजारी ठेवून पाहावेत. पहिल्यात विलास घोगरे हा शाहीर गातो. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसं मेली, त्यानंतर काही दिवसांत घोगरे यांनी आत्महत्या केली. त्यांच्या मरणाचा अर्थ शोधत पटवर्धन चौदा वर्षं चित्रण करत राहिले. गाणं म्हणून टिपलेली जुनी दृश्यं आता गेलेल्या माणसाची शेवटची खूण झाली होती. एका मित्राच्या वियोगातून दलित शाहिरीचा आणि न्यायाच्या प्रतीक्षेचा एवढा मोठा पट उभा राहिला. आईवडिलांवरच्या चित्रपटाची पद्धत इथेच घडलेली दिसते: आधी वर्षानुवर्षं सोबत राहायचं, मग वियोग सोसायचा आणि मग त्याच चित्रणाकडे नव्याने पाहायचं.

तिसरा प्रवाह शहराच्या स्मृतीचा आहे, आणि त्याचं केंद्र परळ, लालबाग, काळाचौकी हा गिरणगावाचा पट्टा. १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या संपात सुमारे अडीच लाख गिरणी कामगार उतरले. तो संप रीतसर मागे घेतला गेलाच नाही. भोंगे थांबले, बदली कामगार आधी गेले, मग कायम असलेले गेले, आणि १९९१ नंतरच्या विकास नियमावलीने गिरण्यांच्या जमिनी बाजारात आणल्या. कामगाराच्या आयुष्याची नोंद गिरणीने मस्टरवर ठेवली होती. हजेरी, खातं, पाळी, खाडे एवढीच ती नोंद. त्याची बायको गावाहून आलेल्या चार एकट्या कामगारांची खाणावळ चालवत होती, हे मस्टरला ठाऊक नव्हतं. प्रेमा पुरव यांनी १९७५ साली अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं तेव्हा या बायकांचं घरकाम हा गिरणी उद्योगाचाच भाग होता, हे चारचौघांत मान्य झालं. नीरा आडारकर आणि मीना मेनन यांच्या ‘कथा मुंबईच्या गिरणगावची’ या पुस्तकाने तोंडी मुलाखतींतून हा इतिहास लिहिला. अंजली मोंतेरो आणि के. पी. जयशंकर यांनी २००१ साली ‘साचा’ केला. त्यात कवी नारायण सुर्वे आणि चित्रकार सुधीर पटवर्धन या दोघांच्या नजरेतून उजाड होत चाललेलं गिरणगाव दिसतं. अरुण खोपकरांनी ‘नारायण गंगाराम सुर्वे’ या चित्रपटात वास्तव आणि अभिनय यांची सांगड घातली. रस्त्यावर सापडलेल्या तान्ह्या मुलाला गंगाराम सुर्वे या गिरणी कामगाराने आपलं नाव दिलं, ही सुर्व्यांची जीवनकथा. मधुश्री दत्तांच्या २००६ च्या ‘सेव्हन आयलंड्स अँड अ मेट्रो’ने साऱ्या मुंबईचा असाच बहुपदरी लेखाजोखा मांडला. कुटुंब म्हणजे वंशावळ नव्हे, ते कष्टकऱ्यांनी एकमेकांसाठी उभं केलेलं छत असू शकतं, हे या प्रवाहाने दाखवलं.

चौथा प्रवाह उत्तम पुरुषी माहितीपटाचा. जगभर त्याची वंशावळ मोठी आहे. जोनास मेकास यांच्या १९७२ च्या चित्रपटात लिथुआनियातल्या आपल्या गावाची परतभेट आहे. शाँताल आकरमान यांच्या २०१५ च्या ‘नो होम मूव्ही’त ब्रसेल्सच्या घरात आईशी मारलेल्या गप्पा आहेत. आई आउशविट्झमधून वाचलेली, आणि त्या छळछावणीचा विषय स्वयंपाकघरातल्या बोलण्याच्या आसपास सतत वावरतो. सारा पोली यांनी २०१२ च्या ‘स्टोरीज वी टेल’मध्ये एकाच आईच्या अनेकांनी सांगितलेल्या, परस्परांशी न जुळणाऱ्या हकिगती शेजारी शेजारी ठेवल्या. आपल्याकडे सुप्रियो सेन यांनी २००३ च्या ‘वे बॅक होम’मध्ये आईवडिलांना फाळणीत सुटलेल्या पूर्व बंगालात परत नेलं, आणि अविजित मुकुल किशोर यांनी २००४ साली ‘स्नॅपशॉट्स फ्रॉम अ फॅमिली अल्बम’मध्ये स्वतःच्या आईवडिलांचं चित्रण केलं. यांतलं बरंचसं एकाच सुमारास फुलण्यामागे एक साधं तांत्रिक कारणही आहे. सोळा मिलिमीटर फिल्मचं चारशे फुटांचं रीळ अकरा मिनिटांत संपतं आणि प्रत्येक फूट पैसे मागतो. आई भाजी निवडते आहे आणि काहीच बोलत नाही, हे टिपायची चैन त्यात परवडत नाही. १९९५ नंतर आलेल्या मिनी डीव्ही कॅसेटवर सलग तासभर चित्रण होऊ लागलं, तेही एका माणसाच्या हातातल्या यंत्रावर, दिव्यांवाचून. कंटाळा, विसर, पुनरुक्ती, मध्येच वाजलेली दारावरची घंटा हे सगळं तेव्हा कुठे चित्रणात आलं. म्हातारपणी आठवण येते ती याच वेगाने. म्हणून तिची खरी नोंद त्या कॅसेटीवर झाली.

मराठी वाचकाला हा प्रवाह परका वाटायचं कारण नाही. घरातली गोष्ट चारचौघांत सांगितल्याने ती इतिहासात जमा होते, हे आपल्या आत्मकथनांनी फार आधी सिद्ध केलं आहे. लक्ष्मीबाई टिळकांच्या ‘स्मृतिचित्रे’तले नवराबायकोचे रुसवेफुगवे वाचताना एकोणिसाव्या शतकाच्या अखेरचं धर्मांतर, सोवळं आणि जातीची भिंत अशी समजते, जशी ती कोणत्याही अहवालातून समजत नाही. दया पवारांचं १९७८ चं ‘बलुतं’ आलं तेव्हा घरची लक्तरं वेशीवर टांगल्याचा आरोप त्यांच्यावर झाला. आज त्या पुस्तकाशिवाय मुंबईच्या दलित वस्त्यांचा इतिहास लिहिता येत नाही. उर्मिला पवारांच्या ‘आयदान’ने चळवळीतल्या बाईच्या घरातही सत्ता कोणाची असते, हा प्रश्न विचारला. या लेखकांनी कुटुंबाची बेअब्रू केली नाही, त्यांनी कुटुंबाला साक्षीला बोलावलं. कौटुंबिक माहितीपट याच रांगेत उभा आहे. पुस्तकात जे वाक्याच्या वळणातून कळतं ते इथे आवाजाच्या कंपातून आणि न दिलेल्या उत्तरातून कळतं, इतकाच फरक.

आता आक्षेपांकडे वळतो. पहिला आणि सर्वांत वजनदार आक्षेप असा, की ज्यांच्या घरी कॅमेरा, पत्रं, छायाचित्रं आणि मोकळा वेळ आहे त्यांचीच कुटुंबं पडद्यावर येतात. हे वस्तुस्थितीला धरून आहे. पटवर्धनांचं घर स्वातंत्र्यसैनिकांचं आणि सुशिक्षितांचं. लालबागच्या दहा बाय बाराच्या खोलीत एखाद्या कुटुंबाची सगळी चित्रस्मृती म्हणजे माळ्याखालच्या भिंतीवर लावलेली एक तसबीर असू शकते. स्टुडिओतल्या रंगवलेल्या पडद्यापुढे ताठ उभा राहिलेला तरुण, अंगात उसना कोट, फ्रेमला चंदनाचा हार आणि काचेच्या आत शिरलेल्या ओलीने खालचा कोपरा पिवळा पडलेला. एवढ्या ऐवजावर चित्रपट कसा करायचा? उत्तर असं, की चित्रांचा तुटवडा ही अडचण आहे, मनाईहुकूम नाही. कंबोडियाचे रिथी पान्ह यांच्याकडे ख्मेर रूजच्या राजवटीत मेलेल्या कुटुंबाची चित्रं नव्हती. त्यांनी २०१३ च्या ‘द मिसिंग पिक्चर’मध्ये मातीच्या बाहुल्या करून ते कुटुंब उभं केलं. आपल्याकडे पोवाडा आहे, भारूड आहे, जात्यावरची ओवी आहे, आंबेडकरी जलसा आहे. ‘जय भीम कॉम्रेड’मध्ये गाणंच कुटुंबाचा अल्बम होतं. साधनं नसलेल्या घरांनी स्मृती जपायच्या स्वतःच्या पद्धती घडवल्या आहेत, त्या ओळखणं ही चित्रपटकाराची जबाबदारी. विषमता मान्य करायची ती इथवर येऊन थांबण्यासाठी नव्हे, पुढचा चित्रपट कोणाच्या घरी व्हायला हवा हे ठरवण्यासाठी.

दुसरा आक्षेप इतिहासकारांचा: आठवण फसवी असते. माणसं वर्षं चुकवतात, स्वतःला बरं दाखवतात, ऐकलेलं पाहिल्यासारखं सांगतात. हेही खरं, आणि चांगला कौटुंबिक माहितीपट ते लपवत नाही. एकाच प्रसंगाची दोन रूपं आईवडिलांच्या तोंडून एकाच वेळी ऐकू येतात, तेव्हा त्या विसंगतीतून घराची रचना कळते. कोणाला काय विसरणं सोयीचं होतं, हेच तिथे दिसून येतं. दस्तऐवज घटनेची तारीख देतो, आठवण त्या घटनेचं ओझं किती होतं ते सांगते. दोहोंची गरज आहे. खरा धोका आठवणीच्या चुकांत नसून तिच्या गोडव्यात आहे. गिरगावच्या चाळीबद्दल आपण बोलतो ते सणांबद्दल, उघड्या दारांबद्दल, सार्वजनिक गॅलरीबद्दल. त्याच मजल्यावरच्या सामायिक संडासापुढची पहाटेची रांग, बाळंतिणीला न मिळालेला आडोसा, कोणत्या जातीला खोली मिळे आणि कोणाला मिळत नसे, हे त्या आठवणीतून पुसलं जातं. हळहळ जिथे चौकशीची जागा घेते, तिथे चित्रपट साक्षीचा अधिकार गमावतो. कौटुंबिक माहितीपटाने प्रेम करावं आणि प्रश्नही विचारावेत. दोन्ही एकदम करणं हेच या प्रकारातलं खरं कौशल्य.

तिसरा आक्षेप संमतीचा. थकलेला बाप, विस्मरण सुरू झालेली आई, मृत्युशय्येवरचा माणूस यांनी मुलाच्या कॅमेऱ्याला दिलेली परवानगी कितपत खरी? मुलाला नाही म्हणणं आईला जमतं का? या प्रश्नाला पळवाट नाही. कायदेशीर सहीने तो सुटत नाही, कारण सही करणाऱ्याला चित्रपट पुढे कुठे कुठे जाईल याची कल्पना नसते, आणि माणूस गेल्यावर त्याला मत बदलायची सोय राहत नाही. म्हणून जबाबदारी संकलनाच्या टेबलावर येते. काय ठेवलं यापेक्षा काय वगळलं यात चित्रपटकाराची सचोटी दिसते. या बाबतीत दोन गोष्टींचा आग्रह मला रास्त वाटतो. चित्रित होणाऱ्याला कॅमेरा बंद कर म्हणायचा आणि उलट प्रश्न विचारायचा हक्क असावा आणि तो वापरलेला पडद्यावर दिसावा. आणि गेलेल्या माणसाला देवपण देऊ नये, तसंच त्याच्यावर सूडही उगवू नये. जिवंतपणी तो जितका गुंतागुंतीचा होता तितका मेल्यावरही राहू द्यावा.

हे सारं आज निकडीचं का? बाँबे डेव्हलपमेंट डिपार्टमेंटने १९२० च्या दशकात वरळी, नायगाव, शिवडी आणि आताच्या ना. म. जोशी मार्गावर बांधलेल्या २०७ चाळींपैकी बऱ्याच पाडून तिथे उंच इमारती उभ्या राहत आहेत. एकशे साठ चौरस फुटांच्या खोलीऐवजी पाचशे चौरस फुटांचं घर मिळणं हा तिथल्या रहिवाशांचा हक्क होता आणि २०२५ साली वरळीतल्या पहिल्या कुटुंबांच्या हाती चाव्या पडल्या, याचं स्वागतच करायला हवं. पण सामान हलवताना पहिल्यांदा टाकून दिली जाते ती माळ्यावरची पेटी. त्याच वेळी हातोहाती कॅमेरा आला आहे. प्रत्येक घरात आजी-आजोबांची शेकडो दृश्यं फोनमध्ये आहेत, पण त्यांवर नाव नाही, तारीख नाही, आणि फोन बदलला की ती हरवतात. त्यात आता मृत माणसाचं छायाचित्र हलवून त्याच्या तोंडी वाक्यं घालणारी संगणकीय तंत्रं सर्वांच्या हाताशी आली आहेत. दुःखातल्या माणसाला त्याचा मोह पडणं समजण्यासारखं आहे. पण जो कधी तसं बोललाच नाही त्याला बोलायला लावलं, तर आठवण उरत नाही, तिची नक्कल उरते. अशा काळात कोणी टिपलं, केव्हा, कोणत्या नात्याने, कोणत्या प्रश्नाला उत्तर म्हणून, या गोष्टी चित्राइतक्याच मोलाच्या ठरतात. वर सांगितलेली कसोटी त्यामुळे समीक्षेपुरती राहत नाही, ती खऱ्याखोट्याची कसोटी होते.

या संग्रहाचा प्रयत्न या पार्श्वभूमीवर वाचावा. मराठीत कथाचित्रपटावर विपुल लिहिलं गेलं. १९६८ साली मुंबईत सुरू झालेल्या प्रभात चित्र मंडळासारख्या फिल्म सोसायट्यांनी जगाचा चित्रपट समजून घेणारा वाचक घडवला. माहितीपटाकडे मात्र आपण बहुतेक वेळा विषयाच्या अंगाने पाहिलं: धरण, जात, दंगल, पाणी. त्याची घडण, त्याची नीती, त्यातलं सांगणाऱ्या-ऐकणाऱ्याचं नातं यांवर सलग विचार कमी झाला. इथले लेख ती उणीव भरून काढू पाहतात. ते एका दिग्दर्शकाचा गौरवग्रंथ नाहीत, पटवर्धनांच्या चित्रपटाशी काही लेखांचा मतभेदही आहे. घराच्या चौकटीतून देशाची कथा सांगताना बाईच्या कामाला किती जागा मिळाली, जातीने दिलेली सुरक्षितता किती उघड झाली, हे प्रश्न त्यांनी टाळलेले नाहीत. नव्या वाचकाने चित्रपट पाहिले नसतील असं धरून ते लिहिलेले आहेत, आणि ज्याने पाहिले आहेत त्याला पुन्हा पाहावेसे वाटावेत हा त्यांचा हेतू आहे.

आणि या पुस्तकाची अपेक्षा वाचनापुरती नाही. मुंबईतल्या ग्रंथालयांनी, विद्यापीठाने, वस्तुसंग्रहालयांनी आणि कामगार संघटनांनी घरगुती चित्रणाला दस्तऐवजाचा दर्जा द्यावा, ते जमा करावं, त्याच्या प्रती कराव्यात आणि कुटुंबाच्या अटींवर ते अभ्यासकांना खुलं करावं, ही मागणी आता करायलाच हवी. ती मान्य होईपर्यंत हे काम घराघरांत होऊ शकतं. घरातल्या वडीलधाऱ्यांना विचारावं, त्यांचं बोलणं मध्ये न तोडता टिपावं, विचारणाऱ्याचा आवाज कापू नये, आणि प्रत्येक चित्रणावर नाव, जागा, तारीख लिहावी. गिरणगावाची, गिरगावची, सिंधमधून आलेल्या आणि कोकणातून आलेल्या घरांची कथा पुढच्या पिढीला कोणी सांगायची, हा प्रश्न त्या त्या घरांनी इतरांवर सोपवू नये. ती सांगायचा पहिला हक्क त्यांचा आहे, आणि तो बजावायची साधनं आज त्यांच्या हाती आहेत.